जॅक कार्डिफचं नाव पुस्तिकेतून का गळलं? चित्रपट महोत्सवाच्या संयोजकांना खुलं पत्र

प्रति,
संयोजन समिती,
चित्रपट महोत्सव

स. न. वि. वि.

यंदा आपण मायकेल पॉवेल आणि एमरिक प्रेसबर्गर या ब्रिटिश दिग्दर्शक-जोडीच्या चित्रपटांचा खास विभाग ठेवलात, त्याबद्दल प्रथम आभार. ‘अ मॅटर ऑफ लाइफ अँड डेथ’ (१९४६), ‘ब्लॅक नार्सिसस’ (१९४७) आणि ‘द रेड शूज’ (१९४८) हे तीन चित्रपट एकाच आठवड्यात, तिकीट काढून आलेल्या अनोळखी माणसांच्या गर्दीत बसून बघायला मिळणं ही आपल्या भागात नवलाचीच गोष्ट. तक्रार करणाराने आधी चांगलं काय झालं ते सांगावं, म्हणून हे लिहिलं. आता तक्रार.

हे तिन्ही चित्रपट ज्याच्या कॅमेऱ्यातून आले त्या जॅक कार्डिफचं नाव आपल्या पुस्तिकेत एकदाही नाही. दिग्दर्शक, कलाकार, संगीतकार, देश, भाषा, लांबी, सगळं आहे. पहिल्यांदा जाहीर झालेल्या वेळापत्रकात त्याच्या कामावर एक सत्र होतं. छापील वेळापत्रकातून ते गळलं आणि त्या जागी एका मालिकेतल्या कलाकारांशी गप्पा आल्या. मी मेलवर कारण विचारलं. प्रेक्षकांना तांत्रिक विषयांत रस नसतो, असं उत्तर आलं. उत्तर नम्र होतं आणि लगेच आलं होतं, याची नोंद करतो. पण असलं कारण एकट्या आपल्याच समितीचं नाही. फिल्म सोसायट्या, वर्तमानपत्रांच्या पुरवण्या, ओटीटीवरची माहितीची पानं, सगळीकडे कॅमेरामनला याच एका वाक्यात बाहेर बसवलं जातं. म्हणून हे पत्र खासगीत न लिहिता उघड लिहितो आहे.

माझा संबंध एवढाच, की मुंबईतल्या एका फिल्म लॅबमध्ये मी कलर ग्रेडर होतो. निगेटिव्हवरून प्रिंट काढताना कुठल्या शॉटला लाल, हिरव्या आणि निळ्या प्रकाशाचे किती पॉइंट द्यायचे, हे ठरवण्यात माझं नोकरीचं आयुष्य गेलं. पहिली कॉपी निघाली की कॅमेरामन लॅबच्या छोट्या थिएटरात येऊन बसायचा. वितरकाचा माणूस मागून सांगायचा, रात्रीचे सीन उजळ करा, तालुक्याच्या थिएटरात प्रोजेक्टरमधली कार्बनची कांडी वाचवायला दिवा मंद ठेवतात, काही दिसत नाही. कॅमेरामन म्हणायचा, रात्र आहे, रात्रच राहू दे. मधे मी. या भांडणांत चित्रपटाचं काय वाचतं आणि काय जातं ते मी रोज बघितलं आहे. आपल्या महोत्सवात मला तोच वितरकाचा माणूस पुन्हा भेटला, फक्त आता तो समितीत बसतो. (हे जरा तिखट झालं, पण खोडत नाही.)

आता ‘तांत्रिक’ या कारणाकडे येतो. जॅक कार्डिफ १९१४ साली इंग्लंडच्या पूर्व किनाऱ्यावरच्या ग्रेट यारमथमध्ये जन्मला. आईवडील म्युझिक हॉलमध्ये काम करणारे, आज या गावात तर उद्या त्या, त्यामुळे पोराची शाळा नावापुरती. लहानपणी मूकपटांत कामं केली आणि मग स्टुडिओत हरकाम्या म्हणून शिरला. १९३० च्या दशकात रंगीत चित्रपटांचं तंत्र असलेली टेक्निकलर कंपनी इंग्लंडमध्ये आली. तिला आपल्या कॅमेऱ्यावर तयार करायला एक इंग्रज माणूस हवा होता. मुलाखतीला आलेल्यांना प्रकाशशास्त्राचे, रसायनांचे प्रश्न विचारले जात होते. कार्डिफने सरळ सांगितलं की त्यातलं मला फारसं येत नाही. मग तुम्ही कशाचा अभ्यास करता, असं विचारल्यावर तो चित्रकारांबद्दल बोलत सुटला. रेम्ब्रांट चेहऱ्यावर प्रकाश कुठून घेतो, कुणाच्या सावल्या कशा पडतात, हे बोलला. निवड त्याचीच झाली. म्हणजे तांत्रिक बाजूत मी कच्चा आहे असं सांगून ज्याने नोकरी मिळवली, त्याचं सत्र आपण तांत्रिक म्हणून रद्द केलंत. ब्रिटनमध्ये तीन पट्ट्यांच्या टेक्निकलरवर झालेला पहिला कथापट ‘विंग्ज ऑफ द मॉर्निंग’ १९३७ चा, आणि त्यावर कॅमेरा चालवणारा हाच.

तो कॅमेरा काय होता हे जाणल्याशिवाय पुढचं कळणार नाही, म्हणून थोडक्यात. भिंगातून आलेला प्रकाश आत एका लोलकाने विभागला जाई आणि तीन वेगवेगळ्या कृष्णधवल निगेटिव्ह पट्ट्यांवर एकाच वेळी पडे: एकीवर लाल, एकीवर हिरव्या, एकीवर निळ्या रंगाची नोंद. पुढे लॅबमध्ये या तिन्हींवरून साचे बनवून कोऱ्या फिल्मवर एकामागोमाग एक रंग छापत, कापडावर ठसे मारावेत तसे. प्रकाशाचे असे वाटे पडल्यामुळे सेटवर दिव्यांचा भडिमार करावा लागायचा, माणसं घामाने निथळायची. आवाज दाबणाऱ्या पेटीसकट ते धूड हलवायला माणसांची फौज लागे. कंपनी हा कॅमेरा कुणाला विकत नसे. भाड्याने देई आणि सोबत आपली माणसं आणि रंगसल्लागार पाठवी. सल्लागारांचं म्हणणं ठरलेलं: सगळं नीट उजेडात, स्वच्छ, रंग जिथल्या तिथे. कार्डिफने या नियमांशी झगडून त्याच कॅमेऱ्यातून अंधार, धुकं आणि सावलीतले रंग काढले. त्याचं सगळं मोठेपण इथे आहे.

आपल्या तीन प्रयोगांत नेमकं काय झालं ते आता क्रमाने सांगतो.

‘अ मॅटर ऑफ लाइफ अँड डेथ’. छायालेखनाची पूर्ण जबाबदारी पॉवेलने कार्डिफला दिली ती इथे पहिल्यांदा. त्याआधी पॉवेलच्याच ‘कर्नल ब्लिम्प’ या चित्रपटाच्या वेळी दुय्यम युनिटवर, भिंतीवर टांगलेली जनावरांची मुंडकी चित्रित करताना त्याची प्रकाशयोजना पॉवेलच्या नजरेत भरली होती. या चित्रपटात पृथ्वी रंगीत आहे आणि परलोक रंगहीन. ते सरळ कृष्णधवलही नाही, त्याला टेक्निकलरच्याच प्रक्रियेतून आलेली मोत्यासारखी झाक आहे, आणि एका लोकातून दुसऱ्यात जाताना रंग हळूहळू चढतो किंवा उतरतो. वरून आलेला दूत तर खाली उतरल्यावर म्हणतो की वर टेक्निकलरची फार उपासमार होते. इतका हा खेळ उघड आहे. आपल्या निवेदकांनी मात्र प्रयोगाआधी प्रेक्षकांची माफी मागितली, की जुनी प्रिंट असल्याने काही भागांतला रंग उडाला आहे! सभागृहातल्या बहुतेकांनी ते खरं मानलं. मध्यंतरात कॉलेजची दोन पोरं ‘बिचारे’ म्हणून हळहळत होती. याच चित्रपटातली समुद्रकाठची सकाळ आठवा. धुकं विरत जातं तसं दृश्य उघडतं. कार्डिफने तिथे भिंगावर तोंडाने वाफ सोडली आणि ती उडून जाईपर्यंत कॅमेरा चालू ठेवला. यंत्र कुठे संपतं आणि माणूस कुठे सुरू होतो ते दाखवायला याहून सोपं उदाहरण मला सापडत नाही. रद्द झालेल्या सत्रात एवढं सांगितलं असतं तरी त्या पोरांची हळहळ वाचली असती.

‘ब्लॅक नार्सिसस’ची कथा हिमालयातल्या एका जुन्या वाड्यात मठ चालवायला आलेल्या ख्रिस्ती जोगिणींची, म्हणजे नन्सची. आपल्या पुस्तिकेत ‘दार्जिलिंगच्या निसर्गरम्य परिसरात चित्रित’ असं छापलं आहे. हे साफ चूक आहे. युनिट भारतात आलंच नाही. बहुतेक सगळा चित्रपट लंडनजवळच्या पाइनवुड स्टुडिओत झाला आणि हिरवळीचे थोडे प्रसंग ससेक्समधल्या लेनर्डस्ली या बागेत. दऱ्या आणि शिखरं आहेत ती पर्सी डे यांनी रंगवलेली, किंवा मोठ्या केलेल्या कृष्णधवल छायाचित्रांवर खडूने रंग भरून सेटमागे उभी केलेली. कड्यावरची ती घंटा, खाली हजारो फुटांचा तुटलेला कडा, आपल्या पोटात गोळा येतो, आणि खाली प्रत्यक्षात रंगवलेली दरी. त्या चित्रांवर पहाटेचा, दुपारचा, तिन्हीसांजेचा उजेड खरा वाटेल असा टाकणं हे कार्डिफचं काम. त्याला त्यासाठी ऑस्कर मिळालं, कलादिग्दर्शक आल्फ्रेड युंग यांना त्यांचं वेगळं. श्रेय तुम्ही निसर्गाला दिलंत. गंमत म्हणजे कार्डिफ भारतात खरोखर येऊन गेला होता, पण युद्धाआधी, टेक्निकलरचे छोटे प्रवासपट करायला.

(या चित्रपटात जीन सिमन्सला तोंडाला काळं फासून पहाडी मुलगी बनवलं आहे, ते मलाही खटकतं. त्यावर चर्चा ठेवा, अवश्य ठेवा. पण तीही तुम्ही ठेवली नाहीत.)

आणि चौकट. हा चित्रपट १.३७ : १ च्या (रुंदी : उंची), जवळपास चौकोनी म्हणावी अशा चौकटीसाठी घेतलेला आहे. आपण तो रुंद पडदा भरावा म्हणून वरून आणि खालून कापून दाखवलात. १.८५ च्या पडद्यात तो बसवायचा तर चित्राचा चौथ्याहून जास्त भाग जातो. शिखरं वरच्या भागात होती आणि दऱ्या खालच्या. आता शेवटाकडचा तो प्रसंग घ्या. सिस्टर रूथ जोगिणीचा वेश टाकून लाल झगा घालते, ओठांना लाली लावते, आणि पहाटेच्या हिरवट, थंड उजेडात तिचा घामेजलेला चेहरा पडदा व्यापतो. त्या पहाटेसाठी कार्डिफला धूसर फिल्टर लावायचा होता, कंपनीच्या माणसांचा विरोध होता. तो पॉवेलच्या पाठिंब्यावर लावला गेला. इतकं भांडून मिळवलेल्या चेहऱ्याचं कपाळ आपल्या पडद्यावर कापलं गेलं होतं. मी प्रोजेक्शन खोलीत जाऊन सांगितलं. तिथला मुलगा भला होता. म्हणाला, काका, काळ्या पट्ट्या दिसल्या तर लोक ओरडतात, वरून सांगून ठेवलंय. त्याच्यावर माझा राग नाही. ‘वरून’ म्हणजे आपण, म्हणून आपल्याला लिहितो आहे.

‘द रेड शूज’ आपण मैदानात एलईडी भिंतीवर दाखवलात. कल्पना चांगली, गर्दीही चांगली. पण भिंतीची सेटिंग लग्नाच्या स्टेजची होती. नर्तकी-नायिका मॉइरा शिअररचे लाल केस, लाल बूट आणि मागचा पडदा एकाच भडक लालीत विरघळले. हा चित्रपट लाल रंगाच्या छटांवर उभा आहे. कार्डिफला बॅलेचं मुळात प्रेम नव्हतं. पॉवेलच्या सांगण्यावरून तो प्रयोग बघायला जाऊ लागला आणि पुरता नादी लागला. मध्यावरच्या दीर्घ बॅलेत त्याने उडीच्या टोकाला कॅमेऱ्याचा वेग बदलून नर्तकाला हवेत किंचित तरंगत ठेवलं, ते इतकं अलगद की सांगितल्याशिवाय कळत नाही. आणि या चित्रपटाला छायालेखनाचं साधं ऑस्कर नामांकनही मिळालं नाही! तेव्हा दुर्लक्ष करण्यात आपण एकटे नाही, आपल्या आधी मोठी माणसं होऊन गेली. पण २००९ साली याच चित्रपटाची नव्याने दुरुस्त केलेली प्रत कान महोत्सवात दाखवली गेली. मूळ तिन्ही निगेटिव्हवर बुरशी होती, त्या कमीजास्त आटल्या होत्या आणि म्हणून रंगांच्या कडा एकमेकींवर बसत नव्हत्या. फिल्मवरचं एकेक चित्र घेऊन त्या पुन्हा जुळवल्या गेल्या. कार्डिफ त्या वर्षी एप्रिलमध्ये वारला, कानचा प्रयोग मे महिन्यात झाला. त्या माणसांनी एवढे कष्ट घेऊन जो लाल परत आणला तो आपण एका रिमोटने घालवलात.

कार्डिफ म्हणजे फक्त हे तीन चित्रपट नव्हेत, हेही पुस्तिकेत चार ओळींत सांगता आलं असतं. युद्धकाळात ‘वेस्टर्न अप्रोचेस’साठी त्याने टेक्निकलरचा अवजड कॅमेरा आयरिश समुद्रात खऱ्या खलाशांबरोबर जीवरक्षक होडीत चढवला. ‘द आफ्रिकन क्वीन’साठी काँगो आणि युगांडात गेला, तिथल्या पाण्याने युनिट आडवं झालं. (नायक बोगार्ट आणि दिग्दर्शक ह्यूस्टन व्हिस्कीवर राहिल्यामुळे वाचले, ही गोष्ट सिनेमावाले अजून चवीने सांगतात.) मग तो दिग्दर्शक झाला. १९६० च्या ‘सन्स अँड लव्हर्स’साठी त्याला दिग्दर्शनाचं नामांकन मिळालं आणि त्याच चित्रपटाच्या छायालेखनाचं ऑस्कर फ्रेडी फ्रान्सिसने नेलं. पुढे दिग्दर्शनाची कामं आटली तसा तो पुन्हा कॅमेऱ्यामागे गेला. ‘डेथ ऑन द नाइल’ त्याचा. १९८५ चा दुसरा ‘रॅम्बो’ही त्याचाच. आपल्या पिढीतल्या कितीतरी जणांनी तो शिट्ट्या मारत पाहिला असेल. मी स्वतः त्या कामाला फार मानत नाही, पण सत्तरीला टेकलेला माणूस जंगलात कॅमेरा घेऊन उभा राहतो याला मानतो. २००१ साली त्याला सन्माननीय ऑस्कर दिलं, तेव्हा छायालेखकाला संपूर्ण कारकिर्दीसाठी तो मान पहिल्यांदाच मिळाला.

आपल्याकडेही काही वर्षांनी तेच घडलं. व्ही. के. मूर्तींना २००८ सालचा दादासाहेब फाळके पुरस्कार जाहीर झाला, तोवर एकाही छायालेखकाला तो मिळाला नव्हता. आणि रंगाचं म्हणाल तर प्रभातच्या ‘सैरंध्री’ची फिल्म १९३३ साली रंगासाठी जर्मनीला नेली होती आणि निकाल मनासारखा लागला नव्हता, हे प्रभातप्रेमी महाराष्ट्राला वेगळं सांगायला नको. सोहराब मोदींनी ‘झाँसी की रानी’ टेक्निकलरमध्ये काढला तेव्हा कॅमेऱ्यामागे हॉलिवुडचे अर्नेस्ट हॅलर होते. रंग मिळवायला किती पैसे आणि किती जीव लागतो हे ज्या प्रांताने भोगलं आहे, तिथल्या महोत्सवाला रंगावर बोलायला वेळ नसावा, याचं मला वाईट वाटतं.

मी लॅबमध्ये असताना जुन्या ईस्टमनकलरच्या (टेक्निकलरनंतर आलेल्या, एकाच पट्टीवरच्या रंगीत फिल्मच्या) प्रिंट कपाटातून काढल्या की गुलाबी पडलेल्या निघत. आकाश गुलाबी, झाडं गुलाबी, नायक गुलाबी. टेक्निकलरच्या छापील प्रिंटचे रंग तसे उडत नाहीत. मूळ निगेटिव्ह तर कृष्णधवल, रंग उडायला त्यांत रंगच नाही. म्हणून १९४७ सालची ती लाली आज आपल्याला जशीच्या तशी दाखवता येते. दाखवायची इच्छा असेल तर.

माझ्या मागण्या अशा आहेत.

महोत्सवाच्या पुस्तिकेत, संकेतस्थळावर आणि फलकावर प्रत्येक चित्रपटाच्या दिग्दर्शकाबरोबर छायालेखकाचं नाव छापावं. मराठी लघुपटांच्या विभागातही, तिथे तर यंदा एकाचंही नव्हतं.

प्रत्येक चित्रपट ज्या चौकटीत घेतला गेला त्याच चौकटीत दाखवावा. दोन्ही बाजूंना काळ्या पट्ट्या येतील. लोक ओरडले तर प्रयोगाआधी एक वाक्य सांगावं, ओरड थांबते.

दाखवली जाणारी प्रत कुठली, दुरुस्त केलेली की नाही, कुणी केलेली, हे पुस्तिकेत लिहावं. एलईडी भिंत वापरायची असेल तर आदल्या दिवशी एखाद्या कॅमेरामनला किंवा ग्रेडरला बसवून रंग बघून घ्यावेत. शहरात अशी माणसं आहेत आणि त्यांतली बरीचशी पैसे मागणार नाहीत.

दार्जिलिंगची चूक आणि ‘रंग उडाला’ हे निवेदन, दोन्हींची दुरुस्ती संकेतस्थळावर जाहीर करावी. पुस्तिका वर्षानुवर्षं विद्यार्थ्यांच्या हातात फिरते, त्यातली चूक प्रबंधात जाते.

रद्द केलेलं सत्र महोत्सवानंतर, कुठल्याही रविवारी, छोट्या सभागृहात घ्यावं. त्यात ‘वेस्टर्न अप्रोचेस’ दाखवता आला तर उत्तम, तो आपल्याकडे फारसा कुणी पाहिलेला नाही. वीस माणसं आली तरी चालतील. त्या कॉलेजच्या पोरांना मी स्वतः घेऊन येतो, त्यांच्याशी माझं बोलणं झालं आहे.

शेवटची मागणी प्रोजेक्शन खोलीतल्या मुलासाठी. चौकट कापायला त्याला जसं वरून सांगितलं गेलं, तसंच न कापायलाही लेखी सांगावं, म्हणजे पुढच्या वर्षी कुणी ओरडलं तर त्याच्या हातात दाखवायला कागद असेल.

कळावे,
आपला,
एक निवृत्त कलर ग्रेडर, महोत्सवाचा नियमित प्रेक्षक